पडण्याचं कारण

अम्मा : थांब, थांब. परत सांग. ती बाई कशावरून पडली म्हणालीस?

कयल : चाकांच्या बुटांवरून. रोलर स्केट्स. अम्मा, मी आपलं कामातली गंमत म्हणून सांगितलं, आणि तू भेंडी चिरायची थांबलीस!

अम्मा : वय किती म्हणालीस तिचं?

कयल : आत्ता एकाहत्तर. पडली तेव्हा तेवीस वर्षांची. नाव विचारू नकोस, ते सांगायचं नसतं. अमेरिकेतली कुणी आजीबाई, एवढंच.

अम्मा : आणि एकाहत्तराव्या वर्षी तिनं डॉक्टरला सरळ सांगितलं? मी स्केट्सवरून पडले होते म्हणून?

कयल : सांगितलं म्हणूनच डॉक्टरांनी लिहिलं. त्यांनी लिहिलं म्हणून मी विम्याच्या बिलासाठी त्याचा कोड लावला. मला मनानं काही लावता येत नाही. कागदावर नसेल ते माझ्यासाठी घडलेलंच नाही.

अम्मा : अगं, पण अशा गोष्टीला कोड असतो? मला वाटायचं, तू ताप, साखर, मूतखडा असलंच काहीतरी लिहीत असशील.

कयल : सगळ्याला असतो. स्केट्सचा वेगळा, स्केटबोर्डचा वेगळा, पायानं ढकलायच्या स्कूटरचा वेगळा. बाळगाडीतून पडलं तरी वेगळा. आणि शेवटी एक अक्षर. पडल्यावर उपचार चालू असले तर ए. जखम भरत असली तर डी. आणि वर्षं लोटली, हाड जुळलं, सगळं झालं, तरी मागे काहीतरी राहून गेलं, तर एस.

अम्मा : राहून गेलं म्हणजे?

कयल : दुखणं. आखडलेला सांधा. आखूड झालेला पाय.

अम्मा : हं.

कयल : बरं, ते जाऊ दे. अप्पा बाजारातून यायच्या आत तुझा ऑपरेशनचा फॉर्म भरून टाकू. उद्या दहाला बोलावलंय. नाव, तिलकवती. वय अठ्ठावन्न. डावा खुबा. जुनी दुखापत, हो. पडण्याचं कारण... चहाच्या मळ्यात उतारावर पाय घसरून. साल शहाऐंशी. बरोबर ना?

अम्मा : शहाऐंशी बरोबर आहे.

कयल : म्हणजे? बाकीचं?

अम्मा : परवा त्या डॉक्टरनं फोटो उजेडात धरून काय म्हटलं होतं?

कयल : नुसत्या घसरण्यानं असा खुबा मोडत नाही, अंगात वेग असणार. तू तेव्हा पंख्याकडे बघत बसली होतीस.

अम्मा : पंखा बरा होता त्यांचा. अजिबात आवाज नव्हता.

कयल : अम्मा!

अम्मा : कारण चुकीचं सांगितलं तर ऑपरेशन चुकेल का?

कयल : नाही. खरं सांगू? काही फरक पडणार नाही. खुबा तोच बसवतील.

अम्मा : मग फॉर्मवर विचारतात कशाला?

कयल : मला विचारशील तर, माणसानं एकदा कुणाला तरी सांगावं म्हणून.

अम्मा : दार लोटून घे जरा.

कयल : घरात कुणी नाही.

अम्मा : तरी लोट. ... कुन्नूरला आमच्या क्वार्टर्सच्या वरच्या अंगाला एक हॉल होता. प्लँटर साहेबांच्या काळातला. लाकडी जमीन. शनिवारी दुपारी रिकामा असायचा, आणि तिथल्या रखवालदाराची मुलगी माझी मैत्रीण. फिलोमिना. तिनं कॉन्व्हेंटमधून जुने स्केट्स मागून आणले होते, लोखंडी, बुटाला किल्लीनं आवळायचे. दावणीचा पदर कमरेला खोचायचा आणि सुटायचं.

कयल : तू? तू अम्मा, जी सरकत्या जिन्याला बघून साडीचं दुकान बदलते?

अम्मा : हस. मी उलटीसुद्धा जायचे. एका भिंतीला पाय लावून जोर दिला की दुसरी भिंत येईपर्यंत पाऊल उचलावं लागायचं नाही. तो आवाज, कण्णू... फळ्यांतून वर यायचा, दातांपर्यंत. बाहेर धुकं, आत आम्ही दोघीच. दोन वर्षं. आमच्या अप्पांना वाटायचं, मी शिवणक्लासला जाते.

कयल : आणि शिवण?

अम्मा : तू माझ्या हातचा एक तरी झंपर घातलायस?

कयल : मग पडलीस कशी?

अम्मा : फिलो मला दोन्ही हात धरून ओढत न्यायची, ती उलटी, मी सुलटी. तिच्यासारखा वेग मला एकटीला येत नव्हता. त्या दिवशी पूर्ण वेगात असताना मी म्हटलं, सोड. ती म्हणाली, नक्की? मी म्हटलं, अगं सोड ना! तिनं सोडलं. आणि मी गेले. अर्धा हॉल एकटी गेले. कधी विमानात बसले नाही, पण त्याहून वेगळं काय असणार? तेवढ्यात बाजूचं दार उघडलं, दोन माणसं लग्नाच्या खुर्च्या घेऊन आत. त्यांना चुकवायला वळले ती स्टेजच्या पायरीवर.

कयल : देवा.

अम्मा : खुबा मोडला त्याचं मला काही नाही. दवाखान्यात आमच्या अप्पांनी विचारलं, कुणी नेलं होतं तिला तिथे? फिलो खाटेशी उभी होती. म्हणाली, मी नेलं, आणि माझ्याच हातून सुटली. अप्पांनी तिला सगळ्यांसमोर काय वाट्टेल ते सुनावलं. पुन्हा दारात दिसलीस तर बघ, म्हणाले.

कयल : आणि तू?

अम्मा : मी डोळे मिटले. झोपल्यासारखी पडून राहिले.

कयल : वीस वर्षांची होतीस, अम्मा. शुद्धीत तरी होतीस का धड?

अम्मा : पुरती शुद्धीत होते. ती गेली तेव्हा तिच्या चपलांचा आवाज जिन्यापर्यंत ऐकला मी. पुढे स्थळं बघायला लागले. मुलगी चाकांवर हिंडायची हे कळलं तर कोण येणार? मळ्यात घसरली म्हटलं की मुलगी कष्टाळू वाटते. तुझ्या अत्तैनं तरी लग्नात सगळ्यांदेखत म्हटलंच, लंगडी पण गुणाची. तुझे अप्पा तेवढ्यावरून आठ दिवस बहिणीशी बोलले नाहीत.

कयल : आणि त्यांना अजूनही...

अम्मा : चहाचा उतार. छत्तीस वर्षं पावसाळा लागला की हात धरतात, सांभाळ, घसरशील.

कयल : फिलोमिना पुन्हा भेटली नाही?

अम्मा : दिसली. एकदा, मेट्टुपाळयमच्या स्टँडवर. तू कडेवर होतीस. ती समोरच्या बसमध्ये खिडकीशी, अंगावर नर्सची पांढरी साडी. माझ्या तोंडाकडे बघतच नव्हती गं, पायाकडे बघत होती. आणि मी काय करावं? हाक मारावी, बसवर थाप मारावी, सांगावं की मीच सोड म्हटलं होतं. ते सोडून मी ताठ चालायला लागले. लंगडत नाही असं तिला दिसावं म्हणून. दहा पावलं जमलं. तेवढ्यात बस निघाली.

कयल : शोधूया का तिला? नर्स होती तर कुठेतरी नाव असेल.

अम्मा : शोध. पण मला आधी सांगू नकोस. सापडली तरच सांग.

कयल : तुला पुन्हा कधी करावंसं वाटलं? चाकांवर जावंसं?

अम्मा : रोज. डोशाचा तवा तापेपर्यंत. ह्या ओट्यापासून त्या फ्रिजपर्यंत मनातल्या मनात जाऊन येते. जाताना दोन्ही पाय सारखे असतात.

(बाहेर फाटकाची कडी वाजते.)

अप्पा : तिलका, पडवळ चांगलं मिळालं गं! कोवळं आहे. आणि तू उठू नकोस, मी आणतो आत.

कयल : अम्मा, पटकन सांग. मळ्याचं तसंच राहू देऊ? मी कुणाला काही बोलणार नाही.

अम्मा : उद्या अप्पा आत येतीलच ना आपल्याबरोबर?

कयल : बाहेर बसा म्हटलं तरी येतील.

अम्मा : मग डॉक्टरनं विचारलं की तू मध्ये बोलू नकोस. मी सांगेन.

कयल : आणि चिडले तर?

अम्मा : चिडू देत. माझ्या पायापायी बहिणीशी भांडलेला माणूस आहे. त्यांना तरी कळू दे, तो पाय कुठे गेला होता.

कयल : मग इथे काय लिहू?

अम्मा : लिही. कुन्नूरचा हॉल. लाकडी जमीन. चाकांच्या बुटांवरून वेगात जाताना पडले. फिलोमिनाच्या हातून सुटले नाही, मीच तिला हात सोडायला सांगितलं.

कयल : एवढं मावणार नाही, अम्मा. एकच ओळ आहे.

अम्मा : मग शेवटचं तेवढं लिही.