काटा थंड दाखवतोय

बसमध्ये पुढच्या बाकावर निर्वात भट्टीवरचे मामा-भाचे कुजबुजत होते. मागच्या बाकावर बसलेल्या बाईचा नवरा आत्ताच त्याच भट्टीवर दुसऱ्या पाळीला गेला होता.

“मामा, तापमापकातली टंगस्टनची तार तुटली माझ्या हातून.”

“गाढवा, एकदा तापली की काचेसारखी होते ती! हात कशाला लावलास?”

“तुटकी टोकं तशीच एकमेकांना टेकवून ठेवली. आता काटा थंड दाखवतोय.”

“आणि आत?”

“लालभडक.”

“अरे देवा! थंड समजून दुसऱ्या पाळीवाल्याने हवा आत सोडली, तर आतल्या तापवायच्या मॉलिब्डेनमच्या पट्ट्या पेटतील. दार उघडलं की सगळं तोंडावर! सांगितलंस कुणाला?”

“नोकरी जाईल हो, मामा.”

तिला स्वतःच्याच नवऱ्याचा नंबर सापडेना. शेवटी लागला.

“आज लवकर निवली गं भट्टी,” तो खुशीत म्हणाला. “हवा सोडलीय. दार उघडतो, मग बोलतो.”