टॉवरच्या खड्ड्यापुढचा नारळ

माझं म्हायेर कबनूरचं. बा कापड इणायच्या मागावर कामाला, माग घराला लागूनच, त्यामुळं जन्मल्यापास्नं खडखडाट कानात. लाईट गेली की माग थांबायचा आन् बा तोंड पाडून उंबऱ्यात बसायचा, म्हणून सांगतो पावणं, ह्या बाईला वीज नको हाय असं कुणी म्हणू नये. वीज पायजेच की. पर माझ्या गोठ्यावरनं तार नको, एवढंच माझं म्हणणं हाय.

लगीन होऊन गडमुडशिंगीत आलो, मळ्यातच घर, घराला लागून गोठा. मालक गेलं, आता मी, ल्योक संभा आन् सून, पाच म्हशी हायत, सकाळ-सांजची धार डेरीला घालतो. त्या गोठ्यावरच आमचं सगळं चाललंय, न्हाईतर हाय काय आमच्यापाशी.

गेल्या उन्हाळ्यात मोठ्या लाईनीची माणसं आली, टॉवर उभा कराय. बांधाच्या कोपऱ्यात खुट्या मारल्या. संभा डेरीला गेलता. म्या त्यांच्या सायबाला इचारलं, तार कुठनं जाणार रं बाबा, तर त्यानं वढ्याकडं हात केला, तिकडनं जाती म्हणाला मावशी, तुमच्या घराला काय करत न्हाई. आलेल्या माणसाला च्या तर द्यायचाच, दिला. मग बघतो तर त्यातला एकजण टिकाव उचलून उभा, तसाच मारणार! आमच्यात हीर काढा, पाया काढा, भुईपुढं नारळ फोडल्याबिगर कुणी टिकाव मारत न्हाई. थांब म्हटलं. जोतिबाला न्यायला नारळ आणून ठेवला हुता, त्योच घेतला, हळद-कुंकू वाहिलं आन् चांगभलं म्हणून फोडला. खोबरं बी वाटलं सगळ्यांना. कुणीतरी फोटू काढला, म्हटलं काढू दे.

टॉवर उभा राह्यला, आन् मग पलीकडच्या रानात दुसऱ्याचा खड्डा पडला. संभानं दोन्हीच्या मधी नजर लावली. तार सरळ आमच्या गोठ्यावरनं. हातापाया पडून झालं, अर्ज झालं, शेवटी कोर्टात गेलो. निकालापतोर तार वढायची न्हाई असा हुकूम मिळालाय, त्यावर दिवस काढतोय. तार वढली तर गोठा हलवा म्हणत्यात. कुठं हलवू? एवढाच तुकडा हाय आमचा.

आन् आता त्यो फोटू कोर्टात आलाय. त्यांचा वकील म्हणतोय, बाईनं राजीखुशीनं भूमिपूजन केलं, बघा, हसतीया. अवो, हसतोय कुठला, चांगभलं म्हणताना तोंड उघडलंय! त्या सायबानं वढ्याकडं केलेला हात फोटूत न्हाई, नारळाचा माझा हात तेवढा हाय.

सोमवारी माझी साक्ष हाय. संभा म्हणतो, आई, नारळ त्यांनीच हातात दिला, फोड म्हणाले म्हणून फोडला, एवढंच बोल. आमची वकीलबाई म्हणत्या, जे झालं तेच सांगा, भिऊ नका. भिऊ नका म्हणायला काय जातंय! नारळ माझ्या घरातला, जोतिबाच्या नावाचा. शपथ घेऊन खोटं बोलू कसं? आन् खरं बोलून गोठा गेला तर संभापुढं तोंड घेऊन उभी ऱ्हाऊ कशी? चार दिवस झालं, अन्न गोड लागंना. धारंला बसलो तरी नजर वर छपराकडंच जाती.

सून म्हणत्या, आत्याबाई, त्या दिशी भुईपुढं मागितलं तरी काय हुतं? काय मागणार बाई. त्या टॉवरवर चढणारी माणसं कोण कुठली, नाव बी ठाव न्हाई, त्यांच्यातला कोण पडू नये, ज्याचा त्यो घरला नीट जाऊ दे, एवढंच मागितलं. आन् त्यातला कोण पडला न्हाई बगा, सगळी नीट गेली. बरं झालं, जाऊ देत.

मग आता आपल्यासाठी एक नारळ फोडा, म्हणत्या ती. उद्या जोतिबाला जाणार हाय. फोडतो की. पर खरं सांगू का पावणं, आता नारळ हातात घेतला की हात वर उचलायच्या आधी मी इकडं तिकडं बघतो, कोण फोटू काढतंय काय.