लिरवा

डोळ्यांत थेंब घालून शिवणकामवाली बाई दवाखान्याच्या बाकावर डोळे मिटून बसली होती. शेजारी एक आजी आणि तिची नात आहे, एवढं तिला आवाजांवरून कळलं होतं.

"लिरवा कोण?" नर्सने पुकारलं. "नवीनच नाव! अर्थ काय गं?"

"नवी पालवी. आजी सांगते. पण शाळेतल्या बाईंना कोशात सापडलंच नाही."

"कोश जुना असेल. जा, डोळे तपासून ये."

दार लागलं.

"खरंच पालवी का हो, आजी?" शिवणकामवालीने विचारलं.

"कसली पालवी, बाई! हिच्या भावाला 'ह' म्हणता यायचा नाही. हत्तीला लत्ती म्हणायचा, हिरव्याला लिरवा. तो त्याचा लाडका रंग. आईच्या पोटाला तोंड लावून हाक मारायचा, 'ए लिरवा!'"

"गोडच की! आता मोठा झाला असेल."

"चार वर्षांचा होता. तापाचं निमित्त झालं आणि तिसऱ्या दिवशी गेला. ही त्यानंतर दोन महिन्यांनी झाली. सुनेने हिला तेच नाव ठेवलं आणि त्याचे फोटो माझ्या पेटीत टाकले. त्याचा विषय निघाला की ती ताटावरून उठते."

"आणि हिला काय सांगता?"

"दहा वर्षं थापा मारतेय."

दार उघडलं.

"आजी, चष्मा लागणार! आणि डॉक्टर म्हणाले, हे नाव कुणीतरी स्वतःच बनवलेलं दिसतंय. कुणी गं?"

आजी बाकावर सरकली.

"इकडे ये. जवळ बस. तुला एक दादा होता."

"त्याने मला पाहिलं होतं?"

"नाही गं, बाळा. नुसत्या हाका मारल्या."