गामेआ कशासाठी आला

पापुआच्या किनाऱ्याकडून आलेली होडी बोइगू बेटाच्या धक्क्याला लागली, तेव्हा लेकाची वाट बघत एसेली दोरीपलीकडे उभीच होती. पण होडीतून एकटा गामेआ उतरला, तिच्या सुनेचा भाऊ. सरहद्दीवरच्या साहेबानं त्याला तिथंच अडवलं.

“काम काय?”

“एसेलीमावशीच्या घरी जायचंय. काम तिथंच सांगतो.”

“इथं सांग. हा ऑस्ट्रेलिया आहे, तुझ्या मावशीचं अंगण नाही.”

“अहो साहेब, सोडा की त्याला!” एसेली दोरीपलीकडून म्हणाली. “ आमचा सोयरा आहे. तुमची सरहद्द आली काल, आमचं येणंजाणं आजोबा-पणजोबांपासूनचं. काय रे गामेआ, माझ्या नाइगाला सासुरवाडीचे खेकडे सोडवेनात वाटतं?”

“मावशी, तुम्ही घरी व्हा पुढं.”

“मासेमारीला आलायस का?” साहेबानं विचारलं.

“हो, हो. मासेमारीलाच.”

“जाळं कुठाय?”

“मग... देवाणघेवाण लिहा.”

“होडी तर रिकामी आहे. लग्नकार्य आहे का?”

“नाही हो, साहेब.”

“बाबा रे, दोन्ही देशांच्या करारात तुम्हा किनाऱ्यावरच्यांना बिनापरवाना यायला चारच कामांची मुभा आहे. तीन झाली. म्हणजे उरलं ते—”

“साहेब, बोलू नका!” एसेलीनं दोरी घट्ट धरली. “आमच्यात ती खबर सोयऱ्यानंच आणायची असते, आणि घरात बसूनच सांगायची असते.”

“कसली खबर?”

“चल गामेआ, घरी चल. मी चूल पेटवते, तू निवांत बस, मग सांग. तोवर माझा नाइगा खेकडेच धरतोय.”