बिलग्रेव साहेब काय म्हणते?

नाही मॅडम, सही तं मी करत नाही — तुमी चहा घ्या, थंडा होऊन राहिला. अमरावतीहून इतक्या उन्हात शेंदूरजनाघाटात आल्या, चौकातल्या फळ्याचा फोटो काढला अन् सिध्या माह्या ओट्यावर! चौथी नापास भगवंतरावची चौकशी कराले मॅडम येते — तो पाहा पुंजाराम, समोरून पाहून राहिला, जळून कोळसा झाला बिचारा. त्याच्याकडं कोणी लाइटबिलवाला बी येत नाही.

काय लिवलं तुमी कागदावर? 'थॉमस बिलग्रेव नावाचा कोणीही विचारवंत नाही. मी खोटे सुविचार लिहून विद्यार्थ्यांची दिशाभूल केली.' अक्षर झकास हाये तुमचं. आता मी इचारतो. बारा सालापासून रोज सकाळी मी त्या फळ्यावर लिवतो — खाली 'थोर विचारवंत थॉमस बिलग्रेव' — बारा सालात कोणी म्हणलं का, हे खोटं हाये? आमच्या श्याम गुरुजीनं तं पंधरा ऑगस्टच्या भाषणात घेतला त्याले, अन् वरून सांगते काय, मी कॉलेजात वाचला होता बिलग्रेव! मी खालत बसून इतक्या टाळ्या वाजवल्या, इतक्या वाजवल्या, का बाजूचा म्हणे पुरे करा बुवा. सरपंचानं पोराच्या लग्नपत्रिकेवर छापला. हसता काहून? हसा, हसा — मी बारा सालापासून एकटाच हसून राहिलो.

पण पोट्टीची बक्षिसाची ढाल वापस कायले मांगता तुमी? प्रतीक्षा, ह्याच पुंजारामाची नात, तुमच्या भाषणाच्या स्पर्धेत बिलग्रेवचं वाक्य बोलून पहिली आली. मंग कोण्या मास्तरनं मोबाईलमंदी बिलग्रेव शोधला, सापडला नाही, तं पोट्टी खोटारडी? चार दिवस झाले, शाळेत नाही गेली ते. मॅडम, तुमी तं जज होत्या नं? वाक्य काय होतं, सांगा बरं. राहू द्या, मीच सांगतो — 'झाडाले फळ किती आलं हे सारे इचारतात. पाणी कोणी घातलं, हे कोणीच इचारत नाही.' पोट्टी सांगत होती, तुमी चष्मा काढून डोळे पुसले. ते डोळे वाक्यानं भरले का नावानं? वाक्यानं नं? मंग वाक्य तं तेच हाये! काल खरं होतं, आज खोटं कसं झालं?

हळू बोला, हळू — कोणाचं, कोणाचं करून राहिल्या. आत संत्री निवडून राहिली ते. आमची दुर्गाबाई. समजलं? — समजलं तुमाले, तुमचं तोंडच सांगते. हो, तिचंच. सारे तिचेच. संत्री निवडता निवडता बोलते, माह्यावर खेकसता खेकसता बोलते, मी ऐकतो अन् सकाळी लिवतो. पहिल्या दिवशी नाव नव्हतं लिवलं मी. लोकं म्हणे, कोणाचं हाये हो? मी म्हणलं, आमच्या घरचं. तं सारा चौक हसला — बायकोचा हुकूम फळ्यावर! मी बी हसलो. सगळ्यात जोरात मीच हसलो. पुसलं. बरं तं बरं, ते त्या दिवशी वरुडच्या बाजारात होती. दुसऱ्या दिवशी तेच वाक्य लिवलं, खाली विलायती नाव टाकलं — लोकं वह्या घेऊन आले! शब्द इकडचा तिकडं नाही केला, मॅडम, आईची आण.

तिले? तिले काय माहीत! तिले वाचता येत नाही. रोज संध्याकाळी इचारते, 'आज काय म्हणते तुमचा साहेब?' मी सांगतो. ते मान हलवते — 'शहाणा हाये मानूस. याच्या घरची बाई हुशार असन.'

नाव? नाव कुठून आणतो मी, इंजिनावरून आणलं. विहिरीवर जुनं इंजिन होतं, त्याच्यावर पितळी पाटी, 'थॉमस बिलग्रेव'. ते इंजिन ज्या उन्हाळ्यात बंद पडलं, त्या उन्हाळ्यात बाग वाळत होती. तं दुर्गीनं — दोन महिने — डोक्यावर घागरी — झाडा-झाडाले... मी? मी तालुक्याले इंजिनाचं सामान पाहाले — नाही. खोटं कायले बोलू, पारावर पत्ते कुटत होतो. त्या साली फळ असं आलं, का फळं घ्याले आलेला बागवान म्हणे, भगवंतराव, तुमच्या हाताले यश हाये. दुर्गी चहा घेऊन उभी होती. तवा बोलली हे झाडाचं वाक्य. तो हसला, मी बी हसलो. अन् मी गधा, नाव कोणाचं लिवलं फळ्यावर? बंद पडलेल्या इंजिनाचं!

हे तुमी कायले बोलवता माह्याकडून? चहा प्या चूपचाप.

काय म्हणल्या? ज्याचं वाक्य त्यानं लिहून दिलं तं ढाल राहते? पक्कं? — अंगठा चालते का?

चालते म्हणता.

मंग हा माफीचा कागद घेऊन जा तुमी, वापस. मी माफी मांगत नाही. फसवलं बी नाही कोणाले, लोकंच नाव पाहून फसले. दुसरा कोरा कागद ठेवा अथी, शाईची डबी ठेवा. आजच्याच फळ्यावर मी तिचं नाव लिवतो, मोठ्या अक्षरात — पाहू कोण हसते ते! हसला कोणी तं त्याच्या लग्नपत्रिका काढतो बाहेर.

अवं दुर्गे! हात पुस अन् इकडं ये.

आता उठा तुमी. नाही, तुमी सांगू नका, मीच सांगतो. अन् तुमच्यासमोर नाही सांगत. जा नं बाप्पा, गाडी चुकन तुमची! — नाही वं, कोणी नाही, स्पर्धेवाल्या मॅडम होत्या, निघाल्या. तू बस. खालत नाही, अथी बस, माह्या बाजूले. आज साहेब काय म्हणते, इचार बरं मले.

इचार नं.