शनिवारची राखण

देवापुढे हात जोडून झाले, मंडळी, आता तुमच्यापुढे जोडतो. पुढचा तासभर मंडप तुमचा आणि जीभ माझी. वरची आळी डावीकडे, खालची आळी उजवीकडे आणि मधे ही एवढी मोठी वाट मोकळी, हे मी आल्याआल्याच पाहिलंय. असू द्या. त्या वाटेवर आपण शेवटी येऊ.

आधी एक प्रश्न घ्या. दोन घरं आहेत. दोन्ही घरांतलं माणूस गेलंय, आणि ते समोरच्यांच्या हातून गेलंय. दोघांनाही आता पुरे झालंय, भांडण मिटायला हवंय. मग आधी कोणी बोलायचं? तुम्ही म्हणाल, ज्याची चूक जास्त त्यानं. बरं! पण चूक मोजायची कोणी? जो तो स्वतःचंच माप घेऊन येतो हो!

तर ऐका. आजचं आख्यान पुराणातलं नाही. तुम्ही बातम्यांत बघता ना तो मुलुख — इस्रायल आणि पॅलेस्टाईन — तिथलं आहे. नाक मुरडू नका काका, 'आमचा काय संबंध' म्हणून. आपल्या ह्या किनाऱ्यावर शनिवार तेली होते, आठवतंय का जुन्या माणसांना? ज्यू लोक. बोलणं मराठी, लुगडं नऊवारी, धंदा तेलाचा. फक्त शनिवारी घाणा बंद. अख्खा गाव दारात बाटली घेऊन उभा राहिला तरी बंद! त्यांचा देवाचा दिवस तो. त्या दिवशी काम करायचं नाही, गाडीत बसायचं नाही, पानसुद्धा तोडायचं नाही. म्हणून नाव पडलं शनिवार तेली.

त्यांच्यातली एक शेगुलाबाई झिराडकर. लग्न झालं आणि एकोणिसाव्या वर्षी नवऱ्याबरोबर बोटीनं इस्रायलला गेली. तिकडे संसार केला, म्हातारी झाली, नवरा गेला. एकच मुलगा, निसीम. बावीस वर्षांचा होता. सकाळी कामाला म्हणून बसमध्ये चढला आणि त्या बसमध्ये बॉम्ब फुटला.

इथं मी थांबत नाही, मंडळी. शेगुलाबाईसुद्धा थांबली नाही. सकाळी उठत होती, भात लावत होती, वर्षं ढकलत होती. फक्त एक गोष्ट झाली. लोक तिच्यासमोर निसीमचं नाव घेईनासे झाले. शेजारणी चांगल्या होत्या हो! तिला त्रास नको म्हणूनच घेत नव्हत्या. पण होता होता त्या घरात ते नाव ऐकूच येईना, आणि ह्याचा तिला जास्त त्रास व्हायचा.

तिकडे एक मंडळ आहे. दोन्हीकडची, मुलं गमावलेली माणसं त्यात एकत्र बसतात. एका शेजारणीनं शेगुलाबाईला ओढून नेलं. ही मनात ठरवूनच गेली — मी आधी तोंड उघडणार नाही. माझा मुलगा गेलाय. बोलायचं त्यांनी!

समोर एक म्हातारा बसला होता. तोसुद्धा हेच ठरवून आलेला. दोघं तासभर चहा पीत बसले. आपल्याकडच्या सोयरिकीच्या बैठकीतसुद्धा एवढा चहा होत नाही!

त्या म्हाताऱ्याला सगळे हाक मारत होते 'अबू सलीम'. अबू म्हणजे बाप, सलीमचा बाप. त्यांच्यात रीतच आहे, थोरल्या मुलाच्या नावानं आईबापांना हाक मारायची. आई ती उम्म सलीम, बाप तो अबू सलीम. आणि हा सलीम विसाव्या वर्षी नाक्यावर सैनिकाच्या गोळीनं गेलेला. चौकशी झाली, कागद झाला, पुढं काही नाही. पण हाक तीच राहिली. अबू सलीम, चहा घ्या. अबू सलीम, इकडे बसा. शेगुलाबाई ऐकत राहिली. तिला त्या म्हाताऱ्याचा हेवा वाटला. खरं सांगतो, हेवा! ह्याच्या मुलाचं नाव दिवसातून पन्नास वेळा घेतलं जातंय, आणि माझ्याचं? बोलली मात्र नाही. ठरवलं होतं ना!

शेवटी म्हाताऱ्यानं दुसऱ्याच कोणाला आपली अडचण सांगितली. त्याला हिब्रू येत होतं, पंचवीस वर्षं इस्रायलमध्ये गवंडीकाम केलेलं. त्याची जैतुनाची बेचाळीस झाडं होती. जैतून म्हणजे आपण ऑलिव्ह म्हणतो ते. त्याचं तेल निघतं. बागेवरच्या टेकडीवर ज्यूंची नवी वसाहत झाली होती. गेल्या हंगामात शनिवारी तिथली चार टगी पोरं उतरली, फांद्या मोडल्या, ह्याचा हात मोडला. फळ झाडावरच सुकलं. यंदा सैन्यानं फळ काढायला तीनच दिवस दिले होते, गुरुवार, शुक्रवार, शनिवार. सैनिक सकाळी एक चक्कर मारून जाणार. यंदाही तेल निघालं नाही तर बाग सोडायची आणि लेकीकडे परदेशी जायचं, असं नवराबायकोनं ठरवलं होतं. सलीमची कबर मात्र इथंच राहणार. मंडळाची माणसं मदतीला येणार होती. ज्यू माणूस बागेत दिसला की टगे जरा बिचकतात, म्हणून. पण शनिवारी गाडीत बसणं मना, म्हणून त्यांतलं ज्यू माणूस कोणीच येऊ शकत नव्हतं.

तेल म्हटल्यावर तेलिणीचा जीव राहतोय का! शेगुलाबाई पटकन बोलून गेली, "फळ काढल्यावर किती तासांत घाण्यावर नेता?" झालं! पहिलं बोलणं हे. धर्म नाही, राजकारण नाही. घाणा! म्हातारा म्हणाला, "दुसऱ्या दिवसाच्या आत. पोत्यात राहिलं की तेल उग्र होतं." ही म्हणाली, "आमचं खोबरंसुद्धा तसंच."

गुरुवारी ती मंडळाच्या गाडीतून बागेवर गेली. सत्तरीची बाई, पण झाडाखाली ताडपत्री घालून फळ ओरबाडायला बसली. शुक्रवारी दुपारी अबू सलीमच्या नमाजाची वेळ झाली. तो घुटमळत होता. ही म्हणाली, तुम्ही जाऊन या, झाडं मी बघते. तो गेला, तासाभरानं परत आला, झाडं जागेवर होती.

पण त्याची बायको! उम्म सलीम. ती दोन दिवसांत हिच्याशी एक शब्द बोलली नाही. भाकरी ठेवायची ती ताडपत्रीच्या कडेला, हिच्या हातात नाही. ज्यांच्या सैनिकानं मुलगा मारला त्यांची बाई माझ्या बागेत कशाला, हे तिच्या तोंडावर लिहिलेलं होतं. तिचं चुकलं का? सांगा मला. मी तर नाही म्हणणार.

शुक्रवारी दुपार उतरली. मंडळाची माणसं घरी निघाली. सूर्य बुडाला की शनिवारचा उपास— उपास नव्हे, विश्रांती, मीही चुकतो बघा — ती सुरू होते, मग गाडी बंद. टेकडीलगतची चौदा झाडं राहिली होती. तीच धोक्याची. शेगुलाबाई गाडीत चढली नाही. म्हणाली, मी राहते. सूर्य बुडायच्या आधी तिनं मालकांकडून वाटीभर तेल मागितलं आणि त्यांच्याच ओसरीवर शनिवारच्या स्वागताचे दोन दिवे लावले. उम्म सलीमनं दारातून पाहिलं आणि आत निघून गेली.

शनिवारी सकाळी ही उठून बघते तो काय — ताडपत्र्या घडी करून ठेवलेल्या! शिडी भिंतीला टेकवलेली! अबू सलीम स्वच्छ सदरा घालून ओसरीत बसलेला. आज शेवटचा दिवस, चौदा झाडं बाकी, आणि हा बसलाय!

हिनं विचारलं तर म्हणाला, तुमचा देवाचा दिवस आहे. पाहुणी घरात असताना तिच्या सणाला मी काम काढू? माझा बाप कबरीतून उठून बोलेल मला.

आता काय म्हणावं ह्याला! इतकी वर्षं एकमेकांशी कसं वागायचं हे ज्या मुलुखाला सुधरलं नाही, तिथं हा म्हातारा एवढं वागतोय, की स्वतःचं पीक घालवायला निघालाय! चुका करायच्या तर अशा कराव्यात, मंडळी.

शेगुलाबाईनं त्याला झापलं. आमच्या भागातली तेलीण ती! म्हणाली, "अहो, विश्रांतीची आज्ञा मला आहे. तुमच्या जैतुनांना नाही. घाला ताडपत्री. मी हात लावणार नाही, पण मी बसते. बसणं मला चालतं."

आणि बसली. टेकडीच्या वाटेवर, शेवटच्या झाडाखाली खुर्ची टाकायला लावली आणि डोक्याला पांढरा रुमाल बांधून बसली. एक फळ उचललं नाही. शेजारी गळून पडलं तरी नाही! नवराबायको झाडं उतरवत होती आणि ही नुसती बसलेली. ह्याला आपल्याकडे काय म्हणतात? राखण! आपल्या वेशीवरचा राखणदार तरी काय करतो? बसतोच ना!

दहा वाजता ते आले. चौघं, वरून उतरले, हातात काठ्या. अबू सलीमचा हात थांबला. मोडलेला हात तो, त्याला आठवण असते. उम्म सलीम नवऱ्याच्या पुढे येऊन उभी राहिली. शेगुलाबाई खुर्चीतून उठली नाही. ती फक्त म्हणाली, "शब्बात शालोम, पोरांनो." म्हणजे विश्रांतीचा दिवस सुखाचा जावो.

पोरं चमकली. मग त्यांतला दाढीवाला तिला नको ते बोलला. घरभेदी म्हणाला, बाटलेली म्हणाला. हिनं ऐकून घेतलं आणि विचारलं, "फांद्या मोडायला आलात? आज? शनिवारी पान तोडणं मना आहे, हे आईनं शिकवलं नाही? माझ्या आज्यानं हिंदुस्थानात, जिथं विचारणारं कोणी नव्हतं, तिथं शनिवारी कधी घाण्याला बैल जुंपला नाही. आणि तुम्ही देवाच्या भूमीत देवाच्या दिवशी काठ्या घेऊन हिंडता? मोडा. मी बसून बघते. माझा मुलगा बसमध्ये बॉम्बनं मेला. मला भीती घालायला तुमच्याकडे दुसरं काही शिल्लक आहे का?"

लगेच पाय धरले का त्यांनी? छे! एकानं दगड मारला, तो खुर्चीला लागला. दाढीवाला थुंकला. पण त्यांतला एक काठी खाली टाकून आधी वळला, मग दुसरा, आणि थोड्या वेळानं टेकडी रिकामी झाली. हृदयबिदय पालटलं असेल असं मी सांगणार नाही. त्या दिवशी ते गेले, एवढंच. चौदाही झाडं उतरली.

काय बोलणं झालं ते अबू सलीमनं बायकोला अरबीत सांगितलं. बसबद्दलही सांगितलं. उम्म सलीमनं एकच विचारलं, मुलाचं नाव काय होतं? ते त्यानं शेगुलाबाईला विचारून सांगितलं. मग ती घरात गेली. परत आली ती चहाचा पेला घेऊन. ह्या वेळी कडेला ठेवला नाही. खुर्चीपुढे येऊन उभी राहिली आणि म्हणाली, "उम्म निसीम, चहा घ्या."

उम्म निसीम. निसीमची आई. निसीम गेल्यावर अकरा वर्षांनी कोणीतरी तिला त्याच्या नावानं हाक मारली, आणि ती मारली समोरच्या घरातल्या बाईनं. शेगुलाबाई पेला हातात धरून रडली. उम्म सलीमही रडली. चहा गार झाला.

मग त्या देशात शांती आली का? नाही आली. तुम्ही बातम्या बघताच. पण त्या बागेचं तेल दर हंगामाला निघतंय, आणि टेकडीलगतची झाडं शनिवारवर ठेवतात, कारण त्या दिवशी राखण असते.

आता आपला प्रश्न. आधी कोणी? मंडळी, समोरच्या घरातलं गेलेलं माणूस जो आधी नावानं ओळखतो, त्यानं. चुकांचं माप नंतर काढा, हवं तर आयुष्यभर काढा.

आणि आता ही मधली वाट. नऊ वर्षं झाली, आरती आधी वरच्या आळीला की खालच्या, ह्यावरून तुम्ही बोलत नाही. मान मोठा हो! मागल्या वैशाखात वरच्या आळीचा यशवंत पाण्यात गेला. खालच्यांतलं कोण गेलं होतं दारात? श्रावणात खालच्या आळीची सुलभा बाळंतपणात गेली. वरच्यांतलं कोण? माना खाली घालू नका, मी इथं उभा आहे, मला सगळं दिसतं. यशवंताची आई त्या खांबाला टेकून बसली आहे. सुलभाची आई तिकडे, दाराशी.

मास्तर, पेटी थांबवा जरा. हे आरतीचं ताट मी मधल्या वाटेत ठेवतो. आज ते मी कोणाकडे नेणार नाही. दोघींतल्या जिला दुसरीला तिच्या लेकराच्या नावानं हाक मारावीशी वाटेल, तिनं उठून ताट उचलावं. निरांजनात तेल भरपूर आहे. मी थांबतो.