शेवटची वेलांटी

नाही, नाही — तो पेनड्राइव्ह बाहेरच ठेवा, चपलांशेजारी. हो, तिथेच, दुसऱ्या फळीवर. राग मानू नका, तुमच्यावर संशय नाही — म्हणजे आहे, पण तुमच्या एकट्यावर नाही, सगळ्या जगावर आहे. आमच्या ह्यांचं म्हणणं, बाहेरचे जोडे आणि बाहेरचा पेनड्राइव्ह, दोन्ही कुठे कुठे फिरून आलेले असतात ते देवालाच ठाऊक. बसा. त्या खुर्चीवर नको, ती डुगडुगते — हां, इथे. कॉम्प्युटरवाले म्हणून मीच बोलावलंय तुम्हाला, ह्यांना न विचारता. आता कळलंच म्हणा — बेल वाजली तशी आतून कडी घातली त्यांनी. तो आवाज येतोय ना, पुटपुटल्यासारखा? कुणी आजारी नाही हो. अटी वाचतायत.

अटी! नवा प्रोग्रॅम घालताना येतात त्या, पानंच्या पानं, खाली ‘मान्य आहे’ असं बटण. हसताय काय? तुम्ही नाही वाचत? एकदाही नाही? आणि दाबता बटण? अहो हळू बोला, त्यांच्या कानावर गेलं तर तुम्हालाही चपलांशेजारी ठेवतील. परवा बसलेत ते वाचायला. जेवायला उठतात, झोपतात, पुन्हा बसतात. सोळाव्या कलमावर काल दुपारी एवढे संतापले की मला वाटलं कंपनीने घरच मागितलं की काय — तर नाही, ‘महत्त्वाचे’मध्ये एक त कमी होता. एक त! मी म्हटलं, अहो, घाला की आपल्या पदरचा.

छापखान्यात होते ना हे. मुद्रितं तपासायचे — उभा जन्म गेला दुसऱ्यांच्या चुका शोधण्यात, आणि पगार मिळायचा त्याचा! आमच्याकडे फुकट चालतं. लाल पेन अजून खिशात असतं. कॉम्प्युटरच्या काचेवरसुद्धा खुणा करतात, खोटं नाही सांगत. आणि मजकूर वर सरकतो, खुणा राहतात तिथेच, त्या बसतात दुसऱ्याच शब्दांवर, मग हे म्हणतात, बघ, इथेही चूक आहे, मी आधीच खूण करून ठेवली होती! — बोला आता काय बोलणार.

पण एक सांगते, त्या शुद्धलेखनाने आम्ही वाचलोय हं. मागे एकदा पत्र आलं कॉम्प्युटरवर, बँकेचंच वाटावं असं, चिन्हबिन्ह सगळं — आपले खाते तात्पुरते बंद आहे, हा प्रोग्रॅम घाला म्हणून. ह्यांनी पाहिलं, ‘तात्पुरते’चा उकार दुसरा. म्हणाले, बँक एक वेळ लुबाडेल, पण दुसरा उकार देणार नाही. केलं बंद. वरच्या मजल्यावरच्या मास्तरांनी तोच प्रोग्रॅम घातला, त्यांच्या मशीनने महिनाभर तोंड उघडलं नाही. तेव्हापासून आमच्या घरात कायदा — जे घ्यायचं ते बनवणाऱ्याच्या स्वतःच्या दारातून घ्यायचं, मधल्या दुकानातून नाही, जाहिरातीतून नाही, आणि ‘मित्राने दिलं’ असं तर नाहीच नाही. सोयरीक करताना करत नसतील एवढी चौकशी — मूळ कुठलं, बनवणारे कोण, आधी कुणाकडे नांदलंय, तिथून का निघालं!

आणि एवढ्यावर लगेच घरात घेतलं असं थोडंच आहे? आधी गच्चीतल्या जुन्या मशीनवर घालायचं. तिथे इंटरनेट नाही, आमचं कागदपत्र नाही, काही नाही — एकटं ठेवायचं आणि रोज सकाळी जाऊन बघायचं, नीट वागतंय का. मागे हवामानाचा एक प्रोग्रॅम घातला होता तिथे, त्याच्याबरोबर न बोलावता तीन जण आले! एक घड्याळ, एक पत्त्यांचा खेळ आणि एक बाई, जी सारखी विचारायची, मी तुम्हाला मदत करू का. प्रोग्रॅम घालताना वाटेत बारीक अक्षरात ‘हेही हवं’ अशा खुणा आधीच केलेल्या असतात म्हणे, त्या काढून टाकायच्या, नाहीतर वऱ्हाडाबरोबर बँडवालेही जेवायला बसतात. ह्यांनी तिघांना हाकललं, पण ती बाई — खोटं का बोलू — मी आणखी दोन दिवस ठेवून घेतली. आमच्या घरात मदत करू का असं विचारणारं दुसरं आहे कोण?

चहा घ्या. घ्या हो, अजून वेळ आहे. किती वाजले? — चार वाजून गेले? मग वेळ नाही. म्हणजे चहाला आहे, ह्यांना नाही.

मी स्वतः का नाही घालत? मी घालू? अहो, मी त्या मशीनवर ‘पाहुणी’ आहे. तसं लिहिलंय उघडताना. ह्यांचं खातं वेगळं, त्याला सगळे अधिकार, आणि माझं हे — बघायचं, हात लावायचा नाही. ते म्हणतात, हीच सुरक्षित पद्धत, रोजच्या कामाला अधिकार नसलेलंच खातं वापरावं, चुकून काही दाबलं तरी घराला धोका नाही. बरोबर आहे? तुम्हीपण असंच सांगता गिऱ्हाइकांना? मग तुमचं त्यांचं छान जमेल. पण मला सांगा, इतकी वर्षं संसार करून एखादी बाई पाहुणी म्हणून आत येते आणि पाहुणी म्हणूनच बाहेर पडते, हे बरं दिसतं का? मी म्हटलं ह्यांना, निदान ‘मंडळी’ तरी लिहा. म्हणाले, यंत्राला मंडळी कळत नाही. यंत्राला!

आता हा जो प्रोग्रॅम आहे ना, समोरासमोर बोलायचा, चेहरे दिसतात तो — हा सगळ्या परीक्षा पास झालाय. कंपनीच्याच दारातून आणला. गच्चीत राहून आला, एकटा आला, कुणाला बरोबर आणलं नाही. मग तो आकडा जुळवला — तुम्हाला ठाऊक असेल, कंपनी एक लांबच लांब आकडा देते, अक्षरं आणि अंक सरमिसळ, आणि आपल्याकडे आलेल्या फाइलचा तसाच काढायचा, दोन्ही जुळले तर वाटेत कुणी त्यात काही कालवलेलं नाही. मशीनकडून जुळवता येतो? क्षणात? — हे नका सांगू त्यांना. आम्ही छापखान्याच्या पद्धतीने जुळवला. ते मोठ्याने वाचणार, मी कागदावर बोट ठेवून ‘आहे’ म्हणणार. ‘सात.’ आहे. ‘डी.’ आहे. ‘शून्य.’ आहे. पार शेवटाला आलो आणि आत दूध उतू गेलं, मी ओरडले, ‘गेलं!’ — झालं, त्यांनी पेन आपटलं, काय गेलं, कुठला अंक गेला, पुन्हा पहिल्यापासून! जुळला शेवटी. म्हणून तर म्हणते, आता राहिलं काय? एक बटण. पण त्या बटणाशेजारी कंपनीने काय लिहिलंय माहितेय? ‘मी सर्व अटि वाचल्या आहेत.’ अटि. ‘ट’ला पहिली वेलांटी. मराठीत शेवटचं अक्षर दीर्घ, हे ह्यांना दुधाच्या दातांबरोबर आलेलं. म्हणतात, अटीच अशुद्ध, मी मान्य कशा करू? सही केली तर चुकीवर सही होते.

काय म्हणालात? एका वेलांटीसाठी एवढं? — आता काय सांगू तुम्हाला. त्याच वेलांटीने आमचं घर रिकामं केलंय.

ती खुर्ची दिसते ना, डुगडुगणारी? आमचा जावई तिच्यावर बसला होता. म्हणजे तेव्हा जावई नव्हता, व्हायचा होता. लेकीने आणलं त्याला, हातात लग्नाची पत्रिका, छापायला द्यायच्या आधीचा नमुना — आमच्या लेकीला वाटलं, बाबांना तपासायला दिली की बाबा खूश होतील. साधं गणित होतं तिचं. ह्यांनी पेन काढलं. दोन अनुस्वार उडवले, एक स्वल्पविराम घातला, आणि मग नवऱ्यामुलाच्या नावावर आले. तो नावाच्या शेवटी पहिली वेलांटी देतो. ह्यांनी खोडली, लाल शाईने दुसरी दिली. तो मुलगा इतक्या अदबीने म्हणाला हो, ‘काका, माझं नाव मी असंच लिहितो. वडिलांनी शाळेत घालताना असंच लिहिलं होतं.’ आणि हे म्हणाले, ‘मग तुमचे वडील चुकले.’ वडील नव्हते त्याचे. गेलेले. ह्यांना कुठे माहीत होतं? पण माहीत नव्हतं, तर विचारावं माणसाने, का पेन चालवावं? लेक उठली. एवढंच म्हणाली, ‘चल.’ तीन वर्षं झाली.

तुम्ही म्हणाल, वेलांटीवरून कुणी लेक तोडतं का? मीपण तेच म्हणत होते आधी. पण मी ओळखते ना ह्यांना. तिने विचारलं नाही, ठरवून येऊन सांगितलं, ते लागलं त्यांना खोल. आणि लागलं असं म्हणायला तोंड लागतं, तिथे ह्यांच्याकडे नुसतं पेन. मशीनवर काही नवं घालायच्या आधी हे एक खूण करून ठेवतात, बिघडलं तर त्या खुणेपर्यंत मागे जायचं, आधी जसं होतं तसं होतं म्हणे सगळं. मी एकदा म्हटलं, पत्रिका परत देण्याआधी केली होतीत का खूण? दोन दिवस जुनी मुद्रितं काढून तपासत बसले. तिसऱ्या दिवशी म्हणाले, नियम म्हणजे नियम. मी म्हटलं, तुमच्याच त्या नियमांच्या पुस्तकात ‘आणि’ला पहिली वेलांटी आहे की नाही? शेवटच्या अक्षराला? म्हणाले, तो अपवाद आहे. मग जावयाला घाला की अपवादात! ‘आणि’वाचून तुमचं एक वाक्य पुढे सरकत नाही, तसंच समजा!

लेकीला बाळ झालंय. मुलगी. मी पाहिलं शेजारणीच्या फोनवर, माझा हा बटणांचा, ह्यात चित्र येत नाही. पण लेक म्हणते, आई, तू बघितलंस, बाबांनी कुठे बघितलं? आज पाच वाजता ती दोघं बाळाला घेऊन बसणार आहेत कॉम्प्युटरसमोर. म्हणाली, आज शेवटचं, आई, यापुढे मी विचारणार नाही. तिच्या बापाचीच ती, नाही म्हणजे नाहीच विचारणार. म्हणून बोलावलं तुम्हाला. बाहेरून काही करता येतं का? भिंतीतून, वायरीतून? — अधिकाराचं खातं लागेल. हो, ते आत बसलंय.

थांबा.

आवाज थांबला.

ऐकलंत? टिक् झालं. तो माउसचाच ना? म्हणजे... मान्य केलं? अशुद्धासकट? अहो, एवढ्या वर्षांत ह्यांनी अशुद्ध काही सोडलेलं मी पाहिलं नाही! आता काय करायचं असतं पुढे — नाव घालून शोधायचं? ते जावयाच्या नावावर आहे. हुबेहूब लिहावं लागतं? त्यांनी जसं लिहिलंय तसंच? आणि वेलांटी चुकली तर?

सापडणारच नाही?

अगंबाई. — ऐका, ऐका, एका बोटाने टाइप करतायत. आता दुसरी देणार. दिली असेल. ‘असं कोणी नाही’ म्हणतायत. पुन्हा तीच दिली, बघा, पुन्हा नाही. नका, तुम्ही उठू नका, सांगायचं नाही, सांगितलं की पेन घेऊन बाहेर येतील आणि इथेच शिकवणी सुरू होईल. पाच वाजायला किती आहेत? — नकाच सांगू.

काय हो? काय म्हणालात? मोठ्याने बोला, दार लावलंय तुम्ही!

...तुम्ही ऐकलंत? नाही, तुम्ही ऐकलंत ना, माझे एकटीचे कान नाहीत ना वाजले? ‘अगं, जावई शेवटची वेलांटी पहिलीच देतात ना? आणिसारखी?’ — देतात, म्हणाले. देतात!

हो! हो, आणिसारखी! पहिली! आले, कडी काढा!

उठा तुम्ही, उठा आता, चहा राहू दे. तुमचं काम झालं. म्हणजे काही केलं नाहीत, पण झालं. पेनड्राइव्ह विसरू नका, दुसऱ्या फळीवर आहे — आणि दार हळू ओढा हो जाताना, तिकडे बाळ झोपलेलं असेल.